युरोपने आफ्रिका कशासाठी घेतली? भाषणं बाजूला ठेवून कागद वाचताना

१८८३ च्या ऑगस्टमध्ये जोसेफ फ्रेडरिक्स या नामा सरदाराने ब्रेमेनच्या एका तंबाखूच्या व्यापाऱ्याशी करार केला. व्यापाऱ्याचं नाव आडोल्फ ल्युडरिट्झ. आजच्या नामिबियाच्या दक्षिणेची, ऑरेंज नदीपासून उत्तरेकडे जाणारी किनारपट्टी फ्रेडरिक्सने त्याला विकली. किंमत ५०० पौंड आणि ६० बंदुका. पट्टीची रुंदी किनाऱ्यापासून आत २० मैल.

फ्रेडरिक्सला माहीत होता तो इंग्रजी मैल, म्हणजे साधारण १.६ किलोमीटर. त्याच्या समजुतीप्रमाणे त्याने ३२ किलोमीटर रुंदीचं, बहुतांशी वाळवंटच, देऊन टाकलं होतं. ल्युडरिट्झने मात्र जर्मन भौगोलिक मैल लावला. तो जवळजवळ साडेसात किलोमीटरचा. म्हणजे पट्टी झाली दीडशे किलोमीटरच्या आसपास, आणि त्यात फ्रेडरिक्सच्या माणसांची कुरणं आणि पाणवठेही गेले. ही गफलत नव्हती. सरदाराचा समज तूर्तास तसाच राहू दे, असं ल्युडरिट्झने आपल्या माणसाला पत्रातून कळवलं होतं.

माझा पेशा हिशेब तपासण्याचा. नोकरीच्या निमित्ताने काही वर्षं दार-ए-सलाम आणि नैरोबीत काढली, आणि तिथे असताना या विषयाने मला धरलं ते अजून सोडलेलं नाही. आमच्या कामात पैसे कशासाठी खर्च केले हे कुणी तोंडी सांगितलं तर आम्ही ऐकून घेतो, पण मान्य करत नाही. कागद मागतो. युरोपने आफ्रिका कशासाठी घेतली, या प्रश्नाकडेही मी तसंच बघायला लागले. ही कारणं लिहा म्हटलं की कच्चा माल, बाजारपेठ, भांडवलाची गुंतवणूक, राष्ट्राभिमान, धर्मप्रसार अशी यादी आपण न अडखळता लिहितो. यादी चुकीची नाही. पण ती वाचताना वाटतं की युरोप नावाचा कुणी एक माणूस होता, त्याच्या मनात ही पाच कारणं होती आणि त्यानुसार तो निघाला. कागद बघितले तर असा एक माणूस कुठेच सापडत नाही.

ल्युडरिट्झचंच बघा. त्याला खनिजं हवी होती, तांबं हवं होतं. काहीच हाती लागलं नाही. दोन वर्षांत त्याचा पैसा संपला आणि १८८५ मध्ये त्याने सगळे हक्क एका जर्मन वसाहत कंपनीला विकून टाकले. १८८६ मध्ये ऑरेंज नदीच्या मुखाजवळ तो समुद्रात नाहीसा झाला. नफ्यासाठी आलेल्या माणसाला नफा मिळाला नाही, माणूसही गेला. तरी वसाहत राहिली. १८८४ च्या एप्रिलमध्येच जर्मनीचा चॅन्सेलर बिस्मार्क याने त्या जमिनीला जर्मन साम्राज्याचं संरक्षण जाहीर केलं होतं. तिथे हिरे सापडले ते १९०८ मध्ये. म्हणजे हिऱ्यांसाठी जर्मनी तिथे गेला असं म्हणायची सोय नाही. आणि हिरे सापडेपर्यंत त्याच वसाहतीत, १९०४ पासून, हेरेरो आणि नामा लोकांचा संहार करून झाला होता.

मग बिस्मार्कला काय हवं होतं? त्याला तर वसाहतींचं फारसं कौतुक नव्हतं. १८८८ मध्ये आफ्रिकेचा नकाशा घेऊन आलेल्या एका प्रवाशाला त्याने सांगितलं की तुमचा नकाशा छान आहे, पण माझा आफ्रिकेचा नकाशा युरोपात आहे. इकडे रशिया, इकडे फ्रान्स, मध्ये आम्ही. आफ्रिकेतली जमीन त्याच्या लेखी इंग्लंड-फ्रान्सशी घासाघीस करताना पुढे सरकवायची सोंगटी होती. त्या जमिनीवर कोण राहतं हा प्रश्न त्या पटावर येतच नव्हता. मला हे लोभापेक्षा जास्त भयानक वाटतं. लोभी माणसाला निदान त्या जमिनीत काय आहे याची उत्सुकता असते.

बर्लिनची परिषद त्याच्याच निवासस्थानी भरली. १५ नोव्हेंबर १८८४ ते २६ फेब्रुवारी १८८५. चौदा देशांचे प्रतिनिधी, त्यात अमेरिका आणि ऑटोमन साम्राज्यही. आफ्रिकेतल्या एकाही राज्याचा माणूस नाही. या परिषदेत टेबलावर नकाशा पसरून आफ्रिकेचे तुकडे केले असं सर्रास सांगितलं जातं, ते तितकंसं बरोबर नाही. बहुतेक सीमा पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत दोन-दोन देशांनी आपापसात करार करून आखल्या. परिषदेने ठरवले ते नियम. त्यातलं ३५ वं कलम सांगतं की किनाऱ्यावर नव्याने ताबा घेतलात तर तिथे अंमल चालवायला पुरेशी सत्ता उभी करा. आणि ६ वं कलम सांगतं की तिथल्या रहिवाशांचं रक्षण करू, त्यांची नैतिक आणि भौतिक स्थिती सुधारू, गुलामगिरी बंद पाडू. ही दोन्ही कलमं मी लागोपाठ वाचली. सहाव्यात सगळी भाषा कल्याणाची आहे, पण ते केलं की नाही हे तपासायला कुणी नेमलेलं नाही. पस्तिसावं थोडक्यात आहे आणि ते सगळ्यांनी पाळलं. ताबा दाखवला नाही तर शेजारचा घेईल, ही भीती आता नियमातच बसली.

या भीतीला मी हेतूंच्या यादीत फार वरचं स्थान देते. १८७३ नंतर युरोपात मंदी होती, एकामागून एक देश आयातीवर जकात वाढवत होते, आणि उद्या आपला माल कुठे खपेल या काळजीत कारखानदार होते, हे खरं. पण ब्रिटनचं परदेशात गुंतलेलं बहुतेक भांडवल अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, अर्जेंटिना, हिंदुस्थान इथे होतं. दक्षिणेतलं सोनं आणि हिरे सोडले तर आफ्रिकेच्या उष्ण प्रदेशात त्यातला अगदी थोडा भाग गेला. मग एवढी घाई कशाची? १८९३ मध्ये ब्रिटनचे परराष्ट्रमंत्री लॉर्ड रोझबेरी सरळ म्हणाले की आपण सध्या भविष्यासाठी खुंट्या ठोकून ठेवतो आहोत, खाणीच्या जागेवर ठोकतात तशा. तर १८९० मध्ये पंतप्रधान सॉल्सबरींनी भर सभेत कबूल केलं होतं की गोऱ्या माणसाचं पाऊल जिथे पडलेलं नाही तिथल्या नकाशावर आम्ही रेघा मारत बसलो. डोंगर, नद्या, सरोवरं एकमेकांना देत होतो. अडचण एवढीच की ती नेमकी कुठे आहेत हे आम्हाला माहीत नव्हतं. माहीतच नसलेल्या वस्तूची ही वाटणी होती. आणि त्या रेघांखाली माणसं नांदत होती.

व्यापाराचा हेतू बघायचा तर ओपोबोच्या जाजा राजाची गोष्ट बघावी. नायजरच्या त्रिभुज प्रदेशातली, पाम तेलाची. इंग्लंडच्या कारखान्यांत यंत्रांना वंगण लागे, साबण आणि मेणबत्त्या बनत, आणि या सगळ्याला पाम तेल लागे. जाजा लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला इग्बो मुलगा. बॉनी या बंदरात तो आपल्या अकलेवर मोठा व्यापारी झाला आणि १८६९ मध्ये त्याने स्वतःचं ओपोबो वसवलं. आतल्या बाजारांतून तेल आणणाऱ्या खाड्यांवर त्याची पकड होती. पुढे त्याने मधल्या गोऱ्या व्यापाऱ्यांना बाजूला सारून तेल थेट इंग्लंडला पाठवायला सुरुवात केली.

१८८४ मध्ये ब्रिटिश कॉन्सल संरक्षणाचा करार घेऊन आला. जाजाने आधी विचारलं, संरक्षण म्हणजे नेमकं काय ते लिहून द्या. कॉन्सल ह्यूएटने लिहून दिलं की राणीला तुमचा देश किंवा तुमचे बाजार घ्यायचे नाहीत, फक्त दुसऱ्या कोणत्या राष्ट्राने ते घेऊ नयेत अशी तिची इच्छा आहे, आणि तुमचा देश तुमच्याच राज्याखाली राहील. एवढ्यावर जाजा थांबला नाही. करारात मुक्त व्यापाराचं एक कलम होतं, कुणीही कुठेही येऊन व्यापार करावा असं. ते त्याने काढायला लावलं आणि मगच करार केला. मी आयुष्यभर करार वाचत आले आहे. समोरच्याचा मसुदा घेऊन त्यातलं नेमकं घातक कलम ओळखणारा माणूस किती तयारीचा असतो हे मला ठाऊक आहे.

तीन वर्षांनी, १८८७ मध्ये, हॅरी जॉन्स्टन नावाचा तिशीही न गाठलेला हंगामी कॉन्सल आला. मुक्त व्यापारात अडथळा आणतोस, हा जाजावरचा आरोप. बोलणी करायला ये, आणि बोलणी फिसकटली तरी तुला सुखरूप परत जाऊ देऊ, असं त्याला लेखी आश्वासन दिलं. तो आला तेव्हा समोर गोशॉक ही ब्रिटिश युद्धनौका उभी होती. शरण ये, नाहीतर गावावर तोफा डागू. जाजा शरण गेला. आक्रामध्ये त्याच्यावर खटला चालवला आणि वेस्ट इंडीजमध्ये हद्दपार केलं. १८९१ मध्ये परतीची परवानगी मिळाली, पण घरी पोचण्याआधीच टेनेरीफ बेटावर त्याचा अंत झाला.

या गोष्टीत सभ्यता शिकवायचा प्रश्न कुठे येतो? जाजा इंग्रजांचा व्यापार त्यांच्याच पद्धतीने करत होता, आणि त्यांच्यापेक्षा चांगला करत होता. गोऱ्या व्यापाऱ्यांना अडचण त्याच्या मागासलेपणाची नव्हती. बाजारात मोकळीक हवी होती ती फक्त स्वतःसाठी, हे इथे अगदी उघडं पडतं. त्याच भागात जॉर्ज गोल्डी या इंग्रज व्यापाऱ्याच्या कंपनीला १८८६ मध्ये राजसनद मिळाली आणि तिने नायजर नदीवर दुसऱ्या कुणाला धड व्यापार करू दिला नाही. १९०० मध्ये सरकारने त्या कंपनीचे हक्क ८,६५,००० पौंड मोजून परत घेतले. जाजाच्या हक्कांचे किती मोजले, असा रकाना कुठल्याच वहीत नाही.

आता लिओपोल्ड. बेल्जियमचा हा राजा काँगोला आयुष्यात एकदाही गेला नाही. १८७६ मध्ये त्याने ब्रसेल्सला भूगोलतज्ज्ञ, प्रवासी, परोपकारी मंडळींची परिषद भरवली. गुलामांचा व्यापार थांबवायचा आणि विज्ञान पुढे न्यायचं म्हणून. पुढच्याच वर्षी लंडनमधल्या आपल्या राजदूताला लिहिलेल्या पत्रात तो म्हणतो की या भव्य आफ्रिकी केकचा एक तुकडा मिळवायची संधी मला दवडायची नाही. खायचे दात आणि दाखवायचे दात इतक्या स्वच्छपणे एकाच माणसाच्या कागदांत क्वचित सापडतात. १८८५ मध्ये काँगोचा सगळा प्रदेश त्याची वैयक्तिक मालमत्ता झाला. बेल्जियमचीही नव्हे, त्याची.

तेव्हा त्याच्या डोळ्यांसमोर मुख्यतः हस्तिदंत होतं. रबराचं महत्त्व नंतर आलं. १८८८ मध्ये डनलॉपने हवा भरायचा टायर काढला, सायकली आल्या, मग मोटारी, आणि रबराला मागणी चढत गेली. काँगोच्या जंगलात रबराच्या वेली होत्याच. राजाने आधीच वटहुकूम काढून ‘मोकळी’ जमीन सरकारजमा केली होती. म्हणजे गावाच्या शिकारीचं, कंदमुळांचं, फिरत्या शेतीचं रान सरकारचं झालं. मग त्या रानातलं रबर लोकांनी कर म्हणून गोळा करून द्यायचं. ठरलेलं वजन भरलं नाही की शिपाई. बायकांना ओलीस ठेवायचे. शिपायाने काडतूस वाया घालवलं नाही याचा पुरावा म्हणून मेलेल्या माणसाचा उजवा हात तोडून आणायचा. कधी मेलेल्याचा नसला तर जिवंत माणसाचा.

हे जगासमोर आणणाऱ्यांपैकी एक होता एडमंड मॉरेल, लिव्हरपूलच्या एल्डर डेम्प्स्टर या जहाज कंपनीतला कारकून. माझ्या पेशातला म्हणावा असा माणूस. काँगोची वाहतूक याच कंपनीकडे होती आणि कामासाठी त्याला अँटवर्पला जावं लागे. धक्क्यावर त्याला दिसलं की काँगोहून येणारी जहाजं रबराने आणि हस्तिदंताने ठासून भरलेली असतात, आणि परत जाताना त्यांत असतात मुख्यतः बंदुका आणि दारूगोळा. विकायला कापड नाही, भांडी नाहीत, काही नाही. एवढा माल येतो आणि त्याच्या बदल्यात काहीच जात नाही, मग तो माल मिळतो कसा? तो या एका प्रश्नावरून उत्तरापर्यंत पोचला, काँगोत पाऊलही न टाकता. सक्तीची मजुरी. नोकरी सोडून त्याने पुढची बरीच वर्षं या एका कामात घातली. मला हा माणूस फार जवळचा वाटतो. कित्येकांच्या हातांखालून तेच कागद गेले असतील, आणि आकडे जुळत नाहीत हे दिसूनही त्यांनी शिक्का मारला असेल.

आणि त्याच वेळी वाला गावच्या न्सालाचा फोटो आहे. १९०४ चा. ओसरीच्या काठावर बसलेला एक माणूस, समोर जमिनीवर दोन लहान वस्तू. त्या त्याच्या पाच वर्षांच्या मुलीच्या हाताचा पंजा आणि पाऊल आहेत. रबर कंपनीच्या पहारेकऱ्यांनी तिला मारलं होतं. मी हा फोटो पहिल्यांदा पाहिला तेव्हा त्या वस्तू काय आहेत हे डोळ्यांनी आधी स्वीकारलंच नाही. फोटो काढला अ‍ॅलिस सीली हॅरिस या मिशनरी बाईने. १९०८ मध्ये काँगो राजाकडून बेल्जियमकडे गेला, आणि जाण्याआधी लिओपोल्डने आपल्या राज्याचे दस्तऐवज जाळायला लावले. ब्रसेल्समध्ये ती भट्टी आठ दिवस चालली होती. कल्याणाच्या हेतूने केलेल्या कामाचे हिशेब कुणी जाळत नाही.

मिशनऱ्यांबद्दल मला सरसकट बोलता येत नाही. आफ्रिका फिरलेल्या लिव्हिंग्स्टन या मिशनऱ्याने १८५७ मध्ये केंब्रिजला सांगितलं होतं की मी आफ्रिकेला परत जातोय ते व्यापार आणि ख्रिस्ती धर्म यांच्यासाठी वाट मोकळी करायला. दोन्ही एका दमात. १८९१ मध्ये युगांडा सांभाळणं परवडेना म्हणून तिथली ब्रिटिश कंपनी काढता पाय घ्यायला निघाली, तेव्हा इंग्लंडमधल्या चर्चच्या मंडळींनी वर्गणी काढून तिला आणखी काही काळ तिथे टिकवलं, आणि १८९४ मध्ये युगांडा ब्रिटिश संरक्षित प्रदेश झाला. म्हणजे भाविकांच्या पैशाने साम्राज्याला जागा धरून ठेवली. पण हॅरिसबाईही मिशनरीच होत्या. काँगोतच विल्यम शेपर्ड या कृष्णवर्णीय अमेरिकी मिशनऱ्याने १८९९ मध्ये एका छावणीत आगीवर वाळवत ठेवलेले ८१ उजवे हात मोजून नोंदवले.

आणि आफ्रिकी राजांनी गोऱ्यांच्या या आपापसातल्या भांडणाचा उपयोगही करून घेतला. १८९५ मध्ये आजच्या बोत्स्वानातले तीन राजे, खामा, सेबेले आणि बाथोएन, थेट इंग्लंडला गेले. सेसिल ऱ्होड्स या दक्षिण आफ्रिकेतल्या ब्रिटिश खाणमालकाच्या कंपनीला त्यांची राज्यं हवी होती, आणि ती कंपनी काय करते हे त्यांनी शेजारी पाहिलं होतं. १८८८ मध्ये आजच्या झिंबाब्वेतल्या लोबेंगुला राजाकडून ऱ्होड्सच्या माणसांनी खनिजांचे सगळे हक्क घेतले, त्या बदल्यात १,००० रायफली, एक लाख काडतुसं आणि महिना १०० पौंड कबूल केले. दहापेक्षा जास्त गोरे खणायला येणार नाहीत असं तोंडी सांगितलं, कागदावर ते आलंच नाही. आवळा देऊन कोहळा काढला तो असा. १८९० मध्ये वसाहतवाल्यांची फौज आली, प्रत्येकाला ३,००० एकर जमिनीचं वचन देऊन आणलेली. १८९३ मध्ये मॅक्सिम मशीनगनपुढे लोबेंगुलाचं राज्य संपलं.

तर हे तीन राजे इंग्लंडमध्ये गावोगाव फिरले, चर्चमध्ये, दारूबंदीवाल्यांच्या सभांमध्ये बोलले. कंपनी आली तर आमच्या लोकांत दारू आणेल, जमीन घेईल, हे त्यांनी तिथल्या सामान्य माणसाला सांगितलं. वसाहतमंत्री चेंबरलेनला नमतं घ्यावं लागलं. राज्यं कंपनीकडे गेली नाहीत. रेल्वेसाठी मात्र सरहद्दीची एक पट्टी सोडावी लागली, आणि त्याच डिसेंबरात तिथून कंपनीच्या माणसांनी शेजारच्या ट्रान्सवालवर, तिथल्या सोन्याच्या खाणींच्या राज्यावर, चढाई केली. ती फसली. पण पट्टी कशासाठी हवी होती याची निदान एक नोंद तरी तारखेसकट राहिली.

नैरोबीच्या रेल्वे संग्रहालयात मी सुट्टीच्या दिवशी पुष्कळ वेळ घालवला आहे. मोम्बासा ते व्हिक्टोरिया सरोवर, ५८२ मैल, १८९६ ते १९०१. खर्च सुमारे ५५ लाख पौंड, ब्रिटिश करदात्याचा. हिंदुस्थानातून सुमारे ३२,००० मजूर नेले, त्यातले अडीच हजारांच्या आसपास तिथेच मेले. हा मार्ग बांधला कशासाठी? वाटेत ना सोनं, ना मोठी बाजारपेठ. कारण थेट इजिप्तपर्यंत जातं. इजिप्तचा खेदिव, म्हणजे राज्यकर्ता, इस्माईल कर्जात बुडाला, १८७५ मध्ये त्याने सुएझ कालव्याचे शेअर ब्रिटनला ४० लाख पौंडांना विकले, पुढे सावकार देशांनी त्याच्या तिजोरीवर आपली माणसं बसवली, त्याविरुद्ध उठाव झाला आणि १८८२ मध्ये ब्रिटनने इजिप्त व्यापला. तेव्हाचे पंतप्रधान ग्लॅडस्टन यांचे स्वतःचे पैसे इजिप्तच्या कर्जरोख्यांत गुंतलेले होते. कालवा राखायचा तर इजिप्त हवा, इजिप्त राखायचा तर नाईल हवी, नाईल राखायची तर तिचा उगम, म्हणजे युगांडा. आणि तिथे फौज पोचवायला रेल्वे.

रेल्वे झाली, आणि आता ती चालवायचा खर्च कुठून काढायचा? डब्यांत भरायला माल हवा. म्हणून गोऱ्या शेतकऱ्यांना बोलावून केनियाच्या डोंगराळ भागातली सुपीक जमीन दिली. १९०४ मध्ये आणि पुन्हा १९११ मध्ये मसाई लोकांना कुरणांवरून हलवलं, किकुयूंची शेतं गेली. गोऱ्याच्या मळ्यावर राबायला माणसं हवीत, ती राजीखुशीने कशी येतील? स्वतःच्या शेतात पिकतं ते खाणाऱ्या माणसाला मजुरीची गरज नसते. म्हणून झोपडी कर. कर नाण्यांत भरायचा. तिथे तेव्हा रुपया चालायचा. बैल, मका विकून भागेना झालं की नाणं मिळायचं ते गोऱ्याच्या मळ्यावर. १९१३ मध्ये गव्हर्नर बेलफिल्ड यांनी हे उघड बोलून दाखवलं: माणसाला त्याच्या राखीव प्रदेशातून कामाला बाहेर काढायचा कर हाच एक मार्ग आहे. पुढे ‘किपांडे’ आला, बोटांचे ठसे आणि मजुरीच्या नोंदी असलेला कागद, पत्र्याच्या डबीत घालून गळ्यात अडकवायचा. माझ्या ऑफिसातल्या एका किकुयू सहकाऱ्याच्या आजोबांनी तो घातलेला होता. तो सांगायचा की आजोबांनी शेवटपर्यंत गळ्यात काही घातलं नाही, साधी माळसुद्धा नाही.

एवढी सगळी साखळी बघितल्यावर मला जे वाटतं ते असं. सुरुवातीचे हेतू प्रत्येकाचे वेगळे होते: व्यापाऱ्याचा नफा, राजाची हाव, मंत्र्याची भीती, मिशनऱ्याची श्रद्धा, तरुण अधिकाऱ्याची बढती. पण ताबा घेतल्यानंतर सगळीकडे एकच प्रश्न उभा राहिला, याचा खर्च कोण देणार? आणि सगळ्यांनी एकच उत्तर दिलं. तिथलीच माणसं देतील, अंगमेहनतीने. हा हेतू कुणाच्याच भाषणात नव्हता, आणि सगळ्यांच्या अंदाजपत्रकात होता.

वंशश्रेष्ठत्वाची भाषा या खर्चाला लागणारी मंजुरी होती असं मी मानते. १८८५ च्या जुलैत फ्रेंच संसदेत माजी पंतप्रधान ज्यूल फेरी म्हणाले की श्रेष्ठ वंशांना कनिष्ठ वंशांवर हक्क आहे, कारण त्यांना सुसंस्कृत करणं हे श्रेष्ठांचं कर्तव्य आहे. त्याच आठवड्यात त्याच सभागृहात क्लेमांसो या विरोधी सदस्याने उत्तर दिलं: जर्मन विद्वान शास्त्राच्या आधारे सिद्ध करत होते की १८७० मध्ये फ्रान्स हरला कारण फ्रेंच वंश कनिष्ठ आहे, ते ऐकल्यापासून कुठल्याही माणसाला वा संस्कृतीला कनिष्ठ म्हणण्याआधी मी दोनदा विचार करतो. तेव्हाच्या लोकांना यापेक्षा वेगळं सुचणं शक्य नव्हतं, असं कुणी म्हणालं की मला हे उत्तर आठवतं.

आणि ज्यांच्यावर हे सगळं चाललं होतं त्यांना तर काहीच समजावून सांगायची गरज नव्हती. आजच्या टांझानियाच्या दक्षिणेतल्या माचेम्बा या याओ सरदाराने १८९० मध्ये जर्मन सेनापती व्हिसमानला कळवलं की तुझे शब्द ऐकले, पण तुझी आज्ञा मी का पाळावी याचं कारण मला सापडत नाही. मैत्री हवी असेल तर आज आणि नेहमीच तयार आहे, पण तुझा प्रजाजन होणार नाही.

आजच्या बुर्किना फासोतल्या वागादुगूचा मोसी राजा वोबोगो याने १८९५ मध्ये फ्रेंच कप्तान देस्तनाव्हला जे सांगितलं ते मी माझ्या टेबलापाशी लिहून लावलं आहे. गोऱ्यांना मला मारून माझा देश घ्यायचा आहे हे मी जाणतो, आणि तरी तू म्हणतोस की ते मला माझ्या देशाची घडी बसवायला मदत करतील. माझा देश आहे तसाच मला चांगला वाटतो. मला काय लागतं ते मला ठाऊक आहे. माझे व्यापारी मला आहेत.

१८९६ मध्ये फ्रेंचांनी वागादुगू घेतलं. वोबोगो निसटला आणि परक्या मुलुखातच वारला. त्याच्या देशात सोन्याच्या मोठ्या खाणी नव्हत्या, रबर नव्हतं, समुद्र नव्हता. तिथे होती ती दाट वस्ती. कर बसले, आणि तिथली तरुण माणसं दक्षिणेकडे आयव्हरी कोस्टमधल्या कोको-कॉफीच्या मळ्यांवर आणि रेल्वेच्या कामावर जाऊ लागली, काही कर भरायला, काही सक्तीने. १९१९ मध्ये फ्रान्सने या प्रदेशाची ‘अपर व्होल्टा’ नावाची वेगळी वसाहत केली. १९३२ मध्ये ती मोडून शेजाऱ्यांत वाटून टाकली आणि मोसींचा बहुतेक मुलूख आयव्हरी कोस्टला जोडला. म्हणजे मळेवाल्यांना मजूर आता आपल्याच वसाहतीतून मिळणार होते. ती पुन्हा वेगळी झाली १९४७ मध्ये.